लेकाहून तेरा महिन्यांनी मोठी आई

नमस्कार, श्रोतेहो.

२१ जून १९५८ आणि २९ जुलै १९५९. सुरुवातीलाच या दोन तारखा सांगतो. पहिली रीमा लागू यांच्या जन्माची, दुसरी संजय दत्त यांच्या जन्माची. ‘वास्तव’ या चित्रपटात रीमाताई संजय दत्तच्या आई झाल्या होत्या. म्हणजे पडद्यावरची ही आई आपल्या लेकापेक्षा जेमतेम तेरा महिन्यांनी मोठी. आणि तरीही मी तो चित्रपट बघितला तेव्हा थिएटरात कुणी हसलं नाही, कुणी कुजबुजलं नाही. माझ्या शेजारच्या खुर्चीतल्या बाई तर पदर तोंडाशी धरून रडत होत्या. त्या बाईंना ज्यानं रडवलं, त्या कसबाबद्दल मला आज बोलायचं आहे. रीमाताईंना आपण ‘हिंदी सिनेमातली आई’ एवढंच म्हणून मोकळे होतो, आणि मला ते मनापासून सलतं.

त्यांचं माहेरचं नाव नयन भडभडे. आई मंदाकिनी भडभडे मराठी रंगभूमीवरच्या अभिनेत्री, त्यामुळे नाटक घरातलंच होतं. लहानपणी त्यांनी ‘बेबी नयन’ या नावानं चित्रपटांत कामंही केली. शाळा पुण्याची हुजूरपागा. पुढे विवेक लागू यांच्याशी लग्न झालं आणि रीमा लागू हे नाव आलं. विवेक लागूही नट, आणि बँकेत नोकरीला. रीमाताईसुद्धा १९७९मध्ये युनियन बँकेत लागल्या आणि साधारण दहा वर्षं त्यांनी ती नोकरी केली.

आजच्या तरुण श्रोत्यांना हे कदाचित नवल वाटेल, म्हणून सांगतो. त्या काळी मुंबईतल्या बँका ही मराठी नाटकाची मोठीच पेठ होती. आंतरबँक नाट्यस्पर्धा असायच्या, त्यांच्या तालमी असायच्या. दिवसभर लेजरमध्ये डोकं घालायचं, संध्याकाळी तालमीला पळायचं आणि शेवटची लोकल गाठायची, अशी एक पिढीच्या पिढी होती. महिन्याचा पगार हातात असायचा, म्हणून प्रायोगिक नाटक करायची हिंमत व्हायची. रीमाताई याच वातावरणातून आल्या. बँकेच्या स्पर्धांतून त्या काम करत होत्या आणि त्याच सुमारास चित्रपटांतही दिसू लागल्या होत्या. जब्बार पटेलांच्या ‘सिंहासन’मध्ये, गोविंद निहलानींच्या ‘आक्रोश’मध्ये, श्याम बेनेगलांच्या ‘कलयुग’मध्ये. भूमिका मोठ्या नव्हत्या, पण ही दिग्दर्शक मंडळी कोण होती ते बघा.

पण त्यांचं खरं घडणं झालं ते रंगमंचावर. जयवंत दळवींचं ‘पुरुष’ हे नाटक विजया मेहता यांनी बसवलं. नाना पाटेकर गुलाबराव आणि रीमाताई अंबिका. ज्यांनी ते पाहिलं असेल त्यांना वेगळं काही सांगायला नको. एका शिक्षकाची सरळमार्गी, स्वाभिमानी मुलगी. सत्तेच्या मस्तीत वावरणारा एक पुढारी तिच्यावर बलात्कार करतो. मग कोर्टात, समाजात, अगदी ओळखीच्या माणसांतही तिला काय काय सोसावं लागतं, आणि शेवटी ती त्याचा सूड कसा घेते, हे सगळं त्या नाटकात आहे. समोर नानांसारखा अंगावर येणारा नट. त्याच्यापुढे नुसतं उभं राहायचं म्हटलं तरी नटीची छाती लागते. रीमाताई अंबिकेचा संताप एकदम उधळून टाकत नसत. तो त्या राखून ठेवत, चुलीतल्या निखाऱ्यावर राख पसरून ठेवतात तसा. त्यामुळे शेवटाला तो अंगावर यायचा तेव्हा प्रेक्षागृह सुन्न व्हायचं.

आणि मग ‘सविता दामोदर परांजपे’. शेखर ताम्हाणे यांचं हे नाटक मी शाळेत असताना मामीबरोबर पाहिलं. बाल्कनीत बसलो होतो आम्ही, तिथून चेहरा धड दिसतही नव्हता. कुसुम नावाची एक संसारी बाई. दुखण्यानं वर्षानुवर्षं पिचलेली. आणि तिच्यात वस्तीला आलेली दुसरीच एक बाई, सविता. आता विचार करा. नटी तीच, साडी तीच, दिवाणखाना तोच. बाल्कनीतल्या मुलाला कळायचं कसं की आता कुसुम गेली आणि सविता आली? मला कळलं ते आवाजावरून. कुसुमच्या बोलण्यात थकवा असायचा, शब्द जरा ओढून आणल्यासारखे यायचे. आणि मग मध्येच तो आवाज खाली उतरायचा, भरीव व्हायचा, शब्दाशब्दाला धार चढायची. मामीनं माझं मनगट इतकं घट्ट धरलं होतं की तिच्या बांगडीचा वळ उठला. घरी जाताना टॅक्सीत दोघंही गप्प.

रेडिओवरून बोलतोय म्हणून हे मुद्दाम सांगतोय. रीमाताईंचा आवाज किंचित जाडसर, खालच्या पट्टीतला. त्या काळच्या हिंदी नायिकेकडून ज्या नाजूक, गोड आवाजाची अपेक्षा असायची, तसला तो नव्हता. पण घरातल्या कर्त्या बाईचा आवाज असाच असतो. सकाळी सहाला दूधवाल्याशी बोललेला, मुलांना हाका मारून मारून जरा बसलेला. मला वाटतं, हिंदी सिनेमाला त्यांच्यात आई दिसली ती आधी या आवाजात.

२९ एप्रिल १९८८ला ‘कयामत से कयामत तक’ प्रदर्शित झाला. रीमाताई त्यात जूही चावलाच्या आई होत्या. तेव्हा त्यांना तिसावं वर्ष लागलं होतं, पण तीस पूर्ण मात्र झाली नव्हती. जूही त्यांच्याहून जेमतेम नऊ वर्षांनी लहान. पुढच्या वर्षीच्या डिसेंबरात सूरज बडजात्यांचा ‘मैंने प्यार किया’ आला आणि सलमान खानची आई म्हणून त्या भारतभर घराघरांत पोचल्या. सलमान त्यांच्याहून साडेसात वर्षांनी लहान. ज्या वयात इतर नट्या नायिका म्हणून ऐन भरात असतात, त्या वयात या बाईंच्या केसांत पांढरी बट आणि तोंडी ‘बेटा’. याचा मला राग येतो. हिंदी सिनेमानं त्यांना नायिका म्हणून उभं राहायची संधीच दिली नाही. एक साचा सापडला आणि पुढची पंचवीस वर्षं तोच पुढे केला.

पण त्या साच्यात रीमाताईंनी काय केलं ते बघा. त्याआधीची हिंदी सिनेमातली आई आठवा. पांढरं लुगडं, शिवणयंत्र, खोकला, देवापुढचा दिवा. ती सोसायची, आशीर्वाद द्यायची आणि बऱ्याचदा मध्यंतराच्या आगेमागे मरायची. ‘मैंने प्यार किया’तली कौशल्या हसते. मुलाच्या मनातलं तिला त्याच्या आधी कळतं. त्याच्या प्रेमात ती त्याच्या बाजूनं उभी राहते, आणि त्या घरात आलेल्या परक्या मुलीशी अशी वागते की आपलीच भाची सुट्टीला आली आहे. ‘हम आपके हैं कौन’मध्ये त्या रेणुका शहाणे आणि माधुरी दीक्षितच्या आई झाल्या, शेजारी अनुपम खेर. खूप गर्दीचा चित्रपट आहे तो. लग्नं, गाणी, पंगती. पण त्या गर्दीतही ही विहीणबाई आपल्याला ओळखीची वाटते, कारण प्रत्येकाच्या नात्यात अशी एक असतेच, समारंभात सगळ्यांना जेवलात का म्हणून विचारत फिरणारी. ‘आशिकी’, ‘साजन’, ‘कुछ कुछ होता है’, ‘कल हो ना हो’, यादी वाढवत नाही. फिल्मफेअरसाठी चार वेळा नामांकन मिळालं, पुरस्कार एकदाही नाही.

याच नव्वदच्या दशकात दूरदर्शननं त्यांच्यातली दुसरी नटी बाहेर काढली. मला टीव्हीचे आभार मानावेसे वाटतात ते यासाठी. ‘श्रीमान श्रीमती’ १९९४ला सुरू झाली. लेखन आपल्या अशोक पाटोळे यांचं. जतीन कनाकिया केशव कुलकर्णी आणि रीमाताई त्यांची बायको कोकिला, म्हणजे कोकी. शेजारी राकेश बेदी आणि अर्चना पूरण सिंग. सगळ्या देशानं रोजच्या जेवणाच्या ताटावर बसून एका कुलकर्णी जोडप्याची नोकझोक बघितली. पडद्यावर रडणाऱ्या आईला इतकं अचूक विनोदाचं टायमिंग असेल असं कुणाला वाटलं होतं? समोरच्याचं वाक्य संपू द्यायचं, अर्धा क्षण थांबायचं, भुवई जराशी उचलायची आणि मग बोलायचं. तो अर्धा क्षण नाटकाच्या शेकडो प्रयोगांनंतर येतो. तो शिकवून येत नाही.

त्याच वर्षी सचिन पिळगावकर यांची ‘तू तू मैं मैं’ आली, आधी दूरदर्शनवर आणि नंतर स्टार प्लसवर. रीमाताई सासू, सुप्रिया पिळगावकर सून. सासू छत्तीस वर्षांची, सून तिच्याहून नऊ वर्षांनी लहान. आमच्या घरी ही मालिका लागली की आजी आणि आई शेजारी शेजारी बसायच्या. एरवी त्या दोघींचं फारसं जमायचं नाही, हे आम्हा मुलांना चांगलंच ठाऊक होतं. पण त्या अर्ध्या तासात दोघी एकाच ठिकाणी हसायच्या. एकदा सासूनं सुनेच्या भाजीला नाक मुरडलं तेव्हा आजी आईकडे बघून म्हणाली, “अगं, मी अशीच बोलते का?” आई काही बोलली नाही, फक्त हसली. दुसऱ्या दिवशी आजीनं न मागता भाजी निवडायला घेतली. रीमाताईंची ती सासू भांडखोर होती, पण दुष्ट नव्हती. हक्कानं भांडणारी होती. पुढच्या काळातल्या मालिकांत हिऱ्यांचे हार घालून विष कालवणाऱ्या सासवा आल्या, तेव्हा आजी म्हणायची, या कुठल्या घरातल्या गं?

आणि १९९७ साल घ्या. इकडे त्या टीव्हीवर सासू, आणि तिकडे ‘रुई का बोझ’ या चित्रपटात पंकज कपूर यांच्या सून. रघुबीर यादवची बायको. गरीब घर, म्हातारा सासरा, आणि त्याचं ओझं वाटू लागलेली ही सून. रीमाताई तिला खलनायिका करत नाहीत. तिची दमछाक दिसते, तिची चिडचिड दिसते आणि आपल्याला सासऱ्याचीही कणव येते, तिचीही येते. हा चित्रपट फार कमी लोकांनी पाहिला. जमलं तर शोधून पाहा.

आता ‘वास्तव’कडे येतो. ऑक्टोबर १९९९. महेश मांजरेकर दिग्दर्शक. गिरणगावातल्या चाळीसारख्या घरातला रघू, पावभाजीची गाडी लावणारा, एका भांडणात हातून खून होतो आणि तो गुन्हेगारीत उतरत जातो. शिवाजी साटम वडील, रीमाताई आई, शांता. मुलगा गळ्यातली सोन्याची जाड साखळी आईला दाखवतो, पन्नास तोळे म्हणून. त्या प्रसंगातलं संजय दत्तचं बोलणं लोकांना पाठ आहे, आजही त्याच्या नकला होतात. मी मात्र पुन्हा बघताना आईकडे बघतो. तिच्या पोटात त्या सोन्यानं खड्डा पडलाय, आणि तरी समोर उभा आहे तो तिचा मुलगाच आहे. दोन्ही गोष्टी एकाच चेहऱ्यावर आहेत.

शेवटी नशेनं खंगलेला, भीतीनं भ्रमिष्ट झालेला रघू आईकडेच येतो. मला सोडव म्हणतो. आणि शांता त्याच्यावर गोळी झाडते. १९५७च्या ‘मदर इंडिया’त आईनं मुलाला गोळी घातली होती, आणि ती आई झाल्या होत्या नर्गिस, म्हणजे संजय दत्तच्या खऱ्या आई. एवढं ओझं असलेला प्रसंग तेरा महिन्यांनी मोठ्या असलेल्या एका नटीनं पेलायचा होता. तिथे मला अंबिका दिसते. तो राखेखालचा निखारा दिसतो. दहा वर्षं ‘बेटा, बेटा’ म्हणणाऱ्या त्या आईच्या हातात पिस्तूल शोभतं, याचं कारण ‘पुरुष’च्या प्रयोगांत आहे. त्यानंतर जेमतेम महिन्याभरानं ‘हम साथ साथ हैं’ लागला आणि त्यात त्याच रीमाताई मैत्रिणींच्या नादी लागून सावत्र मुलाला घराबाहेर काढणारी आई होत्या.

पुढची वर्षंही कामातच गेली. मराठी नाटकात ‘छापा काटा’मध्ये त्या मुक्ता बर्वेच्या आई झाल्या. गजेंद्र अहिरे यांच्या ‘अनुमती’त विक्रम गोखल्यांबरोबर होत्या. झी मराठीवर ‘तुझं माझं जमेना’ केली. शेवटची मालिका ‘नामकरण’. तिचं चित्रीकरण चालू असतानाच, १८ मे २०१७च्या पहाटे, हृदयविकाराच्या झटक्यानं त्या गेल्या. आदल्या दिवशी संध्याकाळपर्यंत त्या सेटवर होत्या. वय अठ्ठावन्न. सकाळी बातमी आली तेव्हा माझ्या आईनं मला फोन केला आणि एवढंच म्हणाली, “आपली रीमा गेली रे.” आडनाव नाही, ताई नाही. माझी आई वयानं त्यांच्याहून मोठी होती.

त्यांची मुलगी मृण्मयी आज चित्रपटाच्याच क्षेत्रात आहे. २०२०मध्ये आलेल्या ‘थप्पड’च्या लेखनात अनुभव सिन्हांबरोबर तिचा वाटा आहे. मंदाकिनी भडभड्यांपासून ही तिसरी पिढी.

जाता जाता एक. सुबोध भावे यांचा ‘कट्यार काळजात घुसली’ २०१५मध्ये आला. गाण्यांसाठी आपण सगळ्यांनी तो पाहिला. त्यात गोष्ट सांगते ती कट्यार स्वतः. ती कट्यार बोलते रीमाताईंच्या आवाजात. त्या पडद्यावर कुठेच नाहीत. पुन्हा लावाल तेव्हा पहिली काही मिनिटं डोळे मिटून ऐका, आत्ता रेडिओ ऐकताय तसं.

नमस्कार.