पोटातली देवाणघेवाण

परळच्या एंडोस्कोपी रूमबाहेर सकाळी बसलेल्यांना विचारा, काय होतंय? बहुतेकांचं उत्तर एकच: "पित्ताचा त्रास." मग कारणं. बाहेरचं खाणं, जागरण, लोकलची धावपळ. जंतूचं नाव कुणी घेत नाही.

आत जठराच्या अस्तराचा कणीएवढा तुकडा काढून पिवळ्या जेलमध्ये टाकलाय. नीट बघा, कडेने गुलाबी रंग पसरतोय. हेलिकोबॅक्टर पायलोरी हा जंतू युरियापासून अमोनिया बनवतो, त्यानं रंग पालटतो. याच अमोनियाच्या आडोशानं तो जठरातल्या आम्लात तग धरतो.

1982 साली ऑस्ट्रेलियात, पर्थला, बॅरी मार्शल आणि रॉबिन वॉरन यांनी तो प्रयोगशाळेत वाढवला. पुढे मार्शलनी तो स्वतः पिऊनही पाहिला. 2005 चं नोबेल दोघांना मिळालं. हा किस्सा सगळेच रंगवून सांगतात; आपण पुढे जाऊ.

जठरातली जखम, म्हणजे अल्सर, ही एकट्या जंतूची करणी नसते. त्याला हुसकायला पांढऱ्या पेशी धावतात. तो चिकट श्लेष्मात शाबूत राहतो आणि वर्षानुवर्षांच्या या मारामारीत अस्तराची नासाडी होते. निरोगी जठरात लिम्फ पेशींचे पुंजके जवळपास नसतातच. इथे ते तयार होतात, क्वचित त्यातूनच लिम्फोमा उद्भवतो. आणि सुरुवातीचा असा लिम्फोमा बऱ्याच रुग्णांत अँटिबायोटिकनं ओसरतो. कॅन्सरवर अँटिबायोटिक, हो!

हा जंतू मेलेल्या भाईबंदांचा डीएनए आत ओढून घेतो. चाळ पाडली की तिचे सागवानी दरवाजे दुसऱ्या घराला लागतात, तसं. काही वाणांत सुमारे 40 हजार अक्षरांचा 'कॅग' नावाचा तुकडा असतो. त्याची ठेवण बाकीच्या जनुकसंचाहून निराळी, म्हणजे तो बाहेरून आलेला. त्यातली जनुकं सुईसारखं यंत्र उभारून आपल्या पेशीत प्रथिन टोचतात. दाह त्यानंच भडकतो.

क्लॅरिथ्रोमायसिन या अँटिबायोटिकला दाद न देण्यासाठी तर डीएनएतलं एक अक्षर बदललं तरी पुरतं. असा डीएनए प्रयोगशाळेत साध्या, औषधानं मरणाऱ्या जंतूंच्या थाळीत सोडा, औषधाला न जुमानणाऱ्या वसाहती उगवतात. त्यामुळे एकाच पोटात दोन वाण असले, तर एकाची ढाल दुसऱ्याच्या हाती जाऊ शकते.

म्हणून डॉक्टर दोन-तीन अँटिबायोटिक्स एकदम देतात, बहुधा 14 दिवस. जंतू गेला का हे बघायला कोर्स संपल्यावर किमान चार आठवड्यांनी श्वासाची चाचणी होते. त्याआधी दोन आठवडे आम्ल कमी करणाऱ्या गोळ्या बंद ठेवायच्या. नाहीतर जंतू दबून राहतो आणि रिपोर्ट खोटाच निगेटिव्ह येतो.