फिलिप आन: बाप स्वातंत्र्यसैनिक, मुलगा पडद्यावर जपानी खलनायक

जुनी 'कुंग फू' मालिका पाहिलीय? त्यातले शाओलिन मठाचे शांत, म्हातारे गुरू, मास्टर कान, आठवतात? तो नट फिलिप आन. मालिका १९७२ची. पण पठ्ठ्या १९३५ पासून कॅमेऱ्यासमोर होता, आणि ऐन भरात त्यानं रंगवले ते क्रूर जपानी अधिकारी.

आता गंमत ऐका. गंमत कसली, दैवदुर्विलासच. आन जपानी नव्हता. जन्म १९०५, लॉस एंजेलिसचा, घर कोरियन. वडील आन छांग-हो म्हणजे कोरियाच्या स्वातंत्र्यलढ्यातलं फार मोठं नाव. १९१० पासून कोरियावर जपानचं राज्य. १९३२ मध्ये वडिलांना शांघायमध्ये पकडलं, तुरुंगात तब्येत ढासळली ती ढासळलीच. १९३८ मध्ये ते गेले.

पुढे महायुद्ध पेटलं. हॉलिवूडला जपानी खलनायक हवे होते, पण अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरच्या जपानी वंशाच्या लोकांना तर सरकारनं छावण्यांत कोंडलेलं. मग तो गणवेश कुणी घालायचा? चिनी आणि कोरियन नटांनी. आननं तो इतका मन लावून घातला की प्रेक्षक त्याला खराखुरा जपानी समजून धमकीची पत्रं पाठवायचे! त्याच काळात त्याची बहीण सूझन अमेरिकी नौदलात होती, जवानांना तोफा-बंदुकांची नेमबाजी शिकवत होती. एकाच घरात दोन गणवेश, बघा.

सुरुवातीचा एक किस्सा सांगतो. 'एनिथिंग गोज' या सिनेमाच्या वेळी दिग्दर्शक लुईस माइलस्टोननं त्याला नाकारलं. कारण? इंग्रजी फारच चांगलं! मग त्यानं मोडकंतोडकं बोलून दाखवलं आणि काम पटकावलं. जन्म लॉस एंजेलिसचा, हे लक्षात ठेवा.

दूरचित्रवाणीवर 'बोनान्झा', 'हवाई फाइव्ह-ओ', 'मॅश' अशी पाहुणी कामं चालूच राहिली. शिवाय बहिणीबरोबर 'मूनगेट' नावाचं रेस्टॉरंटही चालवलं. १९७८ मध्ये तो गेला, आणि कलाकारांच्या सन्मानासाठी हॉलिवूडच्या फुटपाथवर त्यांच्या नावाचा तारा बसवतात, तो त्याला मिळाला १९८४ मध्ये. उशीरच म्हणायचा.

माझ्या मते मात्र त्याचं खरं काम १९३७च्या 'डॉटर ऑफ शांघाय'मध्ये आहे. नायिका अ‍ॅना मे वाँग, नायक आन, सरकारी गुप्तहेर. दोघंही आशियाई वंशाचे, आणि शेवटी चक्क लग्नाची बोलणी! त्या काळच्या हॉलिवूडमध्ये हे जवळपास अशक्य होतं. जेमतेम तासाभराचा सिनेमा आहे. मिळाला तर आधी तोच बघा, आणि कसा वाटला ते खाली लिहा.