मुलं मोजणार कोण?

आत्ता जिन्यात एकीनं गाठलं, "काकू, पाळणाघराचं लायसन्स कुठून काढायचं?" म्हटलं, वर चल, तासभर त्याच्यावरच बोलायचंय.

मुलुंडला माझ्या दोन खोल्यांत मी 22 वर्षं पाळणाघर चालवलं. कागद एकच होता, गुमास्ता, म्हणजे दुकान-धंद्याच्या नोंदणीचा दाखला. 2017च्या दुकाने व आस्थापना कायद्यानं तर 10पेक्षा कमी कामगार असतील तिथे नुसती ऑनलाइन सूचना पुरेशी ठरवली. त्यात कामगार किती ते भरायचं. मुलं किती, हे कुणी विचारत नाही.

आपल्याकडे पाळणाघर कायद्यात आलं तेच कारखान्याच्या दारातून. 1948च्या कारखाना कायद्यानं 50हून जास्त बायका कामाला असतील तिथे पाळणाघर सक्तीचं केलं; 1976च्या दुरुस्तीनं तो आकडा 30वर आणला. 2017च्या मातृत्व लाभ दुरुस्तीनं 50 कर्मचाऱ्यांच्या आस्थापनेला ते लागू केलं, आणि आईला दिवसातून 4 वेळा बाळाकडे जायची मुभा दिली. 2020च्या सामाजिक सुरक्षा संहितेतही 50चाच आकडा. चांगलंच आहे. पण बीकेसीत, म्हणजे वांद्रे-कुर्ला संकुलात, नोकरी करणारी मुलुंडची आई तान्ह्याला घेऊन सकाळच्या लोकलमध्ये चढणार आहे का? ती शेजारच्या काकूकडेच ठेवणार. ती काकू यातल्या कुठल्याच आकड्यात नाही. सगळीकडे मोजली जातात ती कामाची माणसं.

कॅलिफोर्नियात घरी मुलं सांभाळायलाही राज्याचं लायसन्स लागतं. छोट्या घराला फार तर 8 मुलं, मदतनीस असेल तर मोठ्या घराला 14, त्यात तान्ही किती यावर वेगळं बंधन. घरातल्या प्रत्येक मोठ्या माणसाच्या बोटांचे ठसे, म्हणजे नवरोबांचेसुद्धा! तपासनीस न कळवता येतो. घरात नसून वेगळं पाळणाघर-केंद्र असेल तर 4 तान्ह्यांमागे एक बाई. पण आपल्या मुलांशिवाय एकाच कुटुंबाची मुलं सांभाळत असाल, तर लायसन्स नको. शेजारधर्माला त्यांनी हात लावलेला नाही, हे मला फार आवडलं.

ते सगळं इथे आणा असं मी म्हणत नाही. दहा दाखले मागितलेत तर काकू दार लावून घेईल, आणि उरतील ती काचेच्या दाराची महागडी डेकेअर. माझं मागणं दोनच गोष्टींचं आहे: मुलांची संख्या ठरवा, आणि दुसरं मोठं माणूस हवंच म्हणा.

हे शहाणपण मला फुकट आलेलं नाही. जुलैची दुपार. रुळांवर पाणी, त्यामुळे मदतीच्या मावशी आल्याच नाहीत. 9 मुलं, मी एकटी, कडेवर पाच महिन्यांचं बाळ. अडीच वर्षांचा एक पठ्ठ्या बाथरूममध्ये गेला आणि त्यानं आतून कडी घातली. आत बादली काठोकाठ भरलेली. हाका मारल्या, तर आतून उत्तर नाही. समोरच्या आजोबांनी स्क्रू काढून दार उतरवलं. हा खाली बसून साबण पाण्यात बुडवत होता, अगदी तल्लीन. संध्याकाळी त्याच्या आईला सगळं सांगितलं, तेव्हाही माझे हात कापत होते.

दुसऱ्या दिवशी आतली कडी काढून टाकली, आणि तिघी आयांना सांगितलं, मला एवढी मुलं झेपत नाहीत, दुसरीकडे बघा. एकीनं महिन्याभरानं फोन केला. नवीन ठिकाणी 16 मुलं होती, आणि बाई एकच.