बाथटब, बर्फ आणि पाच रेडिओ

अमेरिकेच्या सीबीएस वाहिनीवर १९५२ साली सुरू झालेल्या ‘आयव्ह गॉट अ सीक्रेट’ या कार्यक्रमाचा खेळ अगदी साधा होता. पाहुण्याने आपले गुपित सूत्रसंचालक गॅरी मूर यांच्या कानात सांगायचे, तेव्हाच ते प्रेक्षकांना पडद्यावर अक्षरांत दिसायचे आणि समोर बसलेल्या चार नामवंतांनी प्रश्न विचारत ते ओळखायचे.

फेब्रुवारी १९६० मध्ये या मंचावर ४७ वर्षांचे संगीतकार जॉन केज आले. आपण एक संगीतरचना सादर करणार असून तिची वाद्ये म्हणजे बाथटब, प्रेशर कुकर, बर्फाचे तुकडे, मिक्सर, झारी, रबरी बदक, गुलाबांची फुलदाणी, सोड्याचा सायफन, पाच रेडिओ आणि एक पियानो आहेत, हे त्यांचे गुपित होते. अशी यादी कोणी प्रश्न विचारून ओळखणे अशक्यच. मूर यांनी प्रश्नोत्तरे सरळ बाजूला ठेवली आणि सगळा वेळ केज यांना दिला. करमणुकीच्या कार्यक्रमाने एका प्रयोगशील कलावंतासाठी आपलाच खेळ थांबवावा, हा मोठेपणा आजच्या वाहिन्यांकडून अपेक्षिणे कठीण आहे.

केज यांना अशा मंचाची सवय नव्हती असे नाही. आदल्याच वर्षी इटलीतील एका प्रश्नमंजूषेत अळंब्यांविषयीच्या प्रश्नांची उत्तरे देऊन त्यांनी पन्नास लाख लिरा जिंकले होते, आणि आता मूर यांच्या मंचावर सादर होणारी ‘वॉटर वॉक’ ही रचना त्यांनी त्या इटालियन कार्यक्रमासाठीच तयार केली होती. तिच्यात पाणी आहे आणि ती सादर करताना कलावंताला सतत चालावे लागते, म्हणून तिचे हे नाव.

प्रेक्षकांतील काही जण हसतील, अशी पूर्वसूचना मूर यांनी दिली, तेव्हा रडण्यापेक्षा हसणे आपल्याला अधिक पसंत आहे, असे केज यांनी शांतपणे सांगितले. मग पुढची तीन मिनिटे, हातातील स्टॉपवॉचवर नजर ठेवून, ते कुकरची वाफ सोडतात, पियानोच्या तारांवर यांत्रिक मासा ठेवतात, बाथटबमधील गुलाबांना झारीने पाणी घालतात. प्रेक्षक खदखदून हसतात; केज यांच्या चेहऱ्यावरची शिस्त मात्र ढळत नाही, कारण यातील प्रत्येक कृतीची वेळ सेकंदांच्या हिशेबाने आधीच लिहून ठेवलेली आहे.

पाच रेडिओ मात्र त्या दिवशी मुकेच राहिले. त्यांची पिन विजेला जोडण्याचा हक्क कोणाचा, यावर दोन कामगार संघटनांचे एकमत होईना. केज यांनी त्यातूनही वाट काढली: रेडिओ सुरू करायच्या क्षणी त्यावर चापट मारायची आणि बंद करायच्या क्षणी तो टेबलावरून खाली ढकलून द्यायचा. या तडजोडीने रचनेचे काही बिघडले असे वाटत नाही, उलट सर्वांत मोठा हशा त्यांनाच मिळाला.

पाच वर्षांनी, १९६५ मध्ये, याच कार्यक्रमात रे कुर्झवाइल हा सतरा वर्षांचा मुलगा पियानोवर एक धून वाजवून गेला. ती धून त्याने स्वतः बनवलेल्या संगणकाने रचलेली होती. या वेळी प्रश्नोत्तरांचा खेळ रीतसर झाला.