दर सेकंदाला अकरा सेंटिमीटर

[दृश्य: छपरांची रांग. गच्चीवर, पत्र्यावर, कौलांवर डिश.]

कोल्हापूर घ्या, जालना घ्या, चंद्रपूर घ्या. कुठल्याही गल्लीत उभं राहून छपरांकडे बघितलं, तर डिश सगळ्या साधारण एकाच बाजूला तोंड करून दिसतील: आग्नेयेकडे, वर आभाळात. डिश बसवायला माणूस येतो, दिशा बघतो, मीटरवर सिग्नल पकडेपर्यंत डिश बोटभर इकडे, केसभर तिकडे करतो, बोल्ट आवळतो आणि जातो. वाऱ्यानं किंवा माकडांनी हलवली नाही, तर पुढे वर्षानुवर्षं तिला हात लावावा लागत नाही.

डीडी फ्री डिश असेल, तर ती जीसॅट-15 या उपग्रहाकडे बघत असते. तो आहे 93.5 अंश पूर्व रेखांशावर, विषुववृत्ताच्या बरोब्बर वर, 35,786 किलोमीटर उंचीवर. सूर्य मावळतो, चंद्र सरकतो, नक्षत्रं फिरतात. हा मात्र जागचा हलत नाही. आणि तरीही त्याचा वेग आहे सेकंदाला 3.07 किलोमीटर. मुंबई-पुणे द्रुतगती मार्ग या वेगानं अर्ध्या मिनिटात संपेल.

[दृश्य: पृथ्वी, उत्तर ध्रुवावरून. विषुववृत्ताबाहेर एक बारीक वर्तुळ.]

इतक्या उंचावरची वस्तू खाली का पडत नाही, असं विचारलं की बहुतेकांचं उत्तर ठरलेलं असतं: तिथे गुरुत्वाकर्षण नसतं. असतं. जमिनीवर जेवढं आहे त्याच्या चव्वेचाळिसाव्या हिश्श्याइतकं, पण असतं. आणि उपग्रह पडतोच. अखंड पडत असतो.

किती पडतो, ते मोजून बघू. जमिनीवर हातातून दगड सोडला, तर पहिल्या सेकंदात तो जवळजवळ पाच मीटर खाली येतो. जीसॅट-15च्या उंचीवर तोच दगड पहिल्या सेकंदात फक्त 11 सेंटिमीटर खाली येईल. आता त्याच एका सेकंदात उपग्रह आडवा 3.07 किलोमीटर पुढे गेलेला असतो. तो सरळ रेषेत गेला असता, तर त्याच्या वर्तुळापासून किती बाहेर पडला असता? 11 सेंटिमीटर. जेवढा बाहेर जायला बघतो, तेवढाच आत पडतो. पृथ्वीपासूनचं अंतर होतं तेवढंच राहतं. पुढच्या सेकंदाला पुन्हा 11 सेंटिमीटर, त्याच्या पुढच्याला पुन्हा. कक्षा म्हणजे एवढंच, आणि त्यासाठी इंजिन चालू असण्याची गरज नाही. न्यूटननं हे उंच डोंगरावरच्या तोफेचं चित्र काढून समजावलं होतं: गोळा पुरेशा वेगानं आडवा सोडला, तर तो पडत पडत पृथ्वीला फेरी मारून येईल.

पण मग 35,786 हाच आकडा का? 30,000 का नाही, 40,000 का नाही?

[दृश्य: कोरा कागद, पेन. आकडे एकेक करून उमटतात.]

हे उत्तर कागदावर काढता येतं आणि ते काढताना फार आनंद होतो, म्हणून इथे थोडं थांबू. योहानेस केप्लरनं 1619 मध्ये मांडलेला नियम असा: फेरीला लागणाऱ्या वेळेचा वर्ग हा अंतराच्या घनाच्या प्रमाणात असतो. पृथ्वीभोवती फिरणारी एक वस्तू आपल्या ओळखीची आहे, चंद्र. पृथ्वीच्या केंद्रापासून तो सरासरी 3,84,400 किलोमीटरवर आहे आणि एका फेरीला त्याला साधारण 27 दिवस लागतात. आपल्याला हवी आहे एका दिवसाची फेरी, म्हणजे वेळ 27 पट कमी. 27 चा वर्ग 729. आणि 729 हा 9 चा घन. म्हणजे अंतर 9 पट कमी हवं. 3,84,400 ला 9 नं भागा: 42,700. त्यातून पृथ्वीची त्रिज्या, 6,378 किलोमीटर, वजा करा. उरतात 36,300 च्या आसपास. आकडे ढोबळ घेतल्यामुळे खऱ्या उत्तराशी साडेपाचशे किलोमीटरचा फरक राहिला. पण चंद्राकडे बघून, कॅल्क्युलेटर न घेता, आपण उपग्रहांच्या त्या वर्तुळापाशी येऊन पोचलो.

यातून एक गोष्ट पक्की होते. एका दिवसाच्या वर्तुळाकार फेरीसाठी उंची एकच. चारशे किलोमीटरवरचं आंतरराष्ट्रीय अंतराळ स्थानक दीड तासात फेरी मारतं. त्याला तिथे फिरताना हळू चालवता येत नाही. हळू केलं, तर ते खाली येईल. वेग, उंची आणि वेळ या तिन्हींपैकी एक ठरवलं की उरलेली दोन आपोआप ठरतात.

आणि तो दिवससुद्धा घड्याळातला 24 तासांचा नाही. पृथ्वी स्वतःभोवती पूर्ण वळते 23 तास, 56 मिनिटं आणि 4 सेकंदांत. तेवढ्या वेळात ती सूर्याभोवतीही सुमारे एक अंश पुढे गेलेली असते, म्हणून सूर्य पुन्हा डोक्यावर यायला आणखी चार मिनिटं लागतात. उपग्रहाला सूर्याशी देणंघेणं नाही. त्याला पृथ्वीच्या वळण्याशी जुळवून घ्यायचं असतं. कोणी चुकून त्याची फेरी पूर्ण 24 तासांची ठेवली, तर तो रोज जवळपास एक अंश पश्चिमेला सरकेल आणि दोन-तीन दिवसांत तुमच्या टीव्हीवर ‘नो सिग्नल’ येईल.

[दृश्य: आकाशात इंग्रजी आठच्या आकाराची रेषा.]

वेळ जुळली म्हणजे उपग्रह स्थिर दिसेलच, असं नाही. त्याची कक्षा विषुववृत्ताशी तिरकी असेल, तर तो दिवसाच्या अर्ध्या भागात उत्तरेला आणि उरलेल्या अर्ध्यात दक्षिणेला जातो. दिवसाअखेर येतो जिथून निघाला तिथेच, पण मधल्या वेळात आकाशात इंग्रजी आठचा आकडा काढून येतो. ही भूसमकालिक कक्षा. तिरकेपणा शून्य आणि वर्तुळ नीट गोल असेल, तरच ती भूस्थिर.

आठचा आकडा म्हणजे दोष नाही. भारताच्या नाविक या दिशादर्शन यंत्रणेत तो मुद्दाम ठेवला आहे. तिचा पहिला उपग्रह, आयआरएनएसएस-1ए, 1 जुलै 2013 रोजी सोडला गेला. सातांच्या आखणीत तीन भूस्थिर, आणि चार सुमारे 29 अंशांनी तिरके. सगळेच विषुववृत्ताच्या एका रेषेवर असते, तर जमिनीवरच्या माणसाचं पूर्व-पश्चिम स्थान चांगलं कळलं असतं आणि उत्तर-दक्षिण अंदाजानं सांगावं लागलं असतं. वरखाली फिरणारे चार उपग्रह ती उणीव भरून काढतात.

[दृश्य: जुनी कृष्णधवल छायाचित्रं.]

अशा तीन उपग्रहांवरून जवळपास सगळ्या जगाशी संपर्क साधता येईल, हे आर्थर सी. क्लार्क यांनी ऑक्टोबर 1945 मध्ये ‘वायरलेस वर्ल्ड’ या ब्रिटिश मासिकात लिहिलं. तेव्हा एकही उपग्रह अस्तित्वात नव्हता. 1963 च्या जुलैत अमेरिकेचा सिंकॉम-2 भूसमकालिक कक्षेत गेला. तोही तिरका, आठ काढणारा. पुढच्याच वर्षी सिंकॉम-3 विषुववृत्तावर स्थिरावला आणि टोकियो ऑलिंपिकचं चित्र पॅसिफिक ओलांडून अमेरिकेत पोचलं.

महाराष्ट्रात हे युग आलं ते जुन्नर तालुक्यात. नारायणगावजवळच्या आर्वीला सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला भारताचं व्यावसायिक उपग्रह भूकेंद्र उभं राहिलं. त्याला विक्रम साराभाईंचं नाव आहे. हिंदी महासागरावरच्या इंटेलसॅट उपग्रहाकडे बघणारी तिथली थाळी जवळपास तीस मीटर रुंदीची होती. परदेशी लागलेल्या फोनवर ‘हॅलो’ म्हटल्यावर एक चमत्कारिक शांतता पसरायची आणि दोघंही एकदम बोलायला लागायचे, हे ज्यांनी अनुभवलं आहे, त्यांनी ही उंची कानांनी मोजली आहे. आवाज वर जाऊन खाली यायला बहात्तर हजार किलोमीटर, म्हणजे पाव सेकंद. उत्तराला तेवढाच. अर्धा सेकंद प्रकाशाच्या वेगालाही चुकत नाही.

[दृश्य: बैलगाडीवर ठेवलेला ॲपल उपग्रह.]

हे छायाचित्र अनेकांनी पाहिलं असेल. गाडीवर आहे ॲपल, भारतानं बांधलेला पहिला भूस्थिर दळणवळण उपग्रह. गरिबीचं चित्र म्हणून ते पुष्कळदा फिरवलं जातं आणि ते मनाला लागतं. अँटेनाच्या चाचणीत वाहनाच्या धातूचा अडथळा येत होता, म्हणून लाकडी गाडी निवडली होती. तो विचारपूर्वक काढलेला तोडगा होता.

19 जून 1981. फ्रेंच गयानातल्या कुरू इथून युरोपच्या एरियान अग्निबाणाचं तिसरं उड्डाण झालं, आणि त्यात ॲपल होता. अशा उड्डाणात अग्निबाण उपग्रहाला थेट 36,000 किलोमीटरवर नेऊन ठेवत नाही. तो उपग्रहाला लांबट दीर्घवर्तुळात सोडतो. खालचं टोक जमिनीपासून दोनशे किलोमीटरच्या आसपास, वरचं टोक 36,000 वर. खालच्या टोकाला वेग सेकंदाला सव्वादहा किलोमीटर. तिथून चढताना वेग कमी कमी होत जातो, आणि वरच्या टोकाला पोचेपर्यंत उरतो जेमतेम 1.6. तिथे टिकायला तर हवेत 3.07. काही केलं नाही, तर उपग्रह उलटा खाली येतो आणि साडेदहा तासांची फेरी मारत राहतो.

म्हणून वरच्या टोकाला असताना दुसरा रेटा द्यावा लागतो. ॲपलला तो दिला एका घन इंधनाच्या मोटरनं. ती एसएलव्ही-3 या आपल्या पहिल्या उपग्रह प्रक्षेपकाच्या चौथ्या टप्प्यावरून बेतलेली होती. म्हणजे कुरूहून निघालेल्या युरोपीय अग्निबाणाच्या प्रवासातली शेवटची झेप भारतीय मोटरनं घेतली. वेग वाढवायचा आणि त्याच वेळी कक्षेचा तिरकेपणाही मोडायचा, अशी दोन्ही कामं त्या जळण्यात होतात. त्यामुळे उपग्रहाचं तोंड किती अंशांत कुठे वळलेलं आहे, याला विलक्षण महत्त्व असतं.

कक्षेत पोचल्यावर ॲपलचं एक सौर पंख उघडलंच नाही. मिळणारी वीज कमी पडली. तरीही 102 अंश पूर्व रेखांशावर त्याला सांभाळत इस्रोच्या लोकांनी दोन वर्षांहून जास्त काळ, सप्टेंबर 1983 पर्यंत, त्याच्याकडून काम करून घेतलं. पुढच्या इन्सॅट या भारतीय उपग्रह मालिकेचे धडे तिथेच गिरवले गेले.

हा दुसरा रेटा आजही सोपा झालेला नाही. 29 जानेवारी 2025 रोजी श्रीहरिकोट्याहून नाविकचाच एक उपग्रह, एनव्हीएस-02, निघाला. जीएसएलव्ही या अग्निबाणानं आपलं काम चोख केलं. पण कक्षा उंचावण्यासाठी लागणाऱ्या इंजिनाकडे ऑक्सिडायझर, म्हणजे इंधन जाळायला लागणारा ऑक्सिजन पुरवणारं द्रव्य, सोडणारी झडप उघडली नाही. उपग्रह त्या लांबट दीर्घवर्तुळातच राहिला.

[दृश्य: विषुववृत्तावरचं वर्तुळ, त्यावर ठिपके. 75 अंशांची रेषा ठळक होते.]

समजा, सगळं सुरळीत झालं आणि उपग्रह जागेवर बसला. तरी त्याला तिथे राहू दिलं जात नाही. सूर्य आणि चंद्र त्याला बाजूनं ओढत असतात, त्यामुळे कक्षा दर वर्षी पाऊण ते एक अंशानं तिरकी व्हायला लागते. उपग्रहाचं बरंचसं इंधन हा तिरकेपणा खोडण्यातच जातं: वर्षभरात मिळून, सेकंदाला सुमारे 50 मीटर इतका वेगबदल.

दुसरी ओढ पृथ्वीचीच आहे. विषुववृत्त पूर्ण गोल नाही, किंचित लंबगोल आहे. त्यामुळे या वर्तुळावरचे उपग्रह हळूहळू दोन ठिकाणांकडे सरकतात. एक 105 अंश पश्चिम, आणि दुसरं 75 अंश पूर्व. हे 75 अंशांचं रेखावृत्त छत्रपती संभाजीनगरच्या थोडं पश्चिमेकडून जातं. ते धरून सरळ दक्षिणेला हिंदी महासागरात विषुववृत्तापर्यंत जा आणि वर बघा. कधीचे बंद पडलेले उपग्रह त्या जागेच्या आजूबाजूला, पूर्वेला आणि पश्चिमेला, झोके घेत असतात. इन्सॅटसाठी वापरली गेलेली 74 अंशांची जागा तिथून अगदी जवळ, त्यामुळे पूर्व-पश्चिम सावरायला तिथे फार कमी इंधन लागतं.

सावरण्याची रीतही मजेदार आहे. उपग्रहाला पूर्वेकडे, म्हणजे पुढे न्यायचं असेल, तर त्याला मागे रेटतात. मागे रेटल्यावर कक्षा किंचित खाली येते, खालची फेरी लवकर पूर्ण होते, आणि तो पृथ्वीच्या पुढे सरकतो. पश्चिमेला आणायचं, तर पुढे ढकलायचं. कर्नाटकातल्या हसन इथल्या उपग्रह नियंत्रण केंद्रात हे रोजचं काम आहे.

वर्षातून दोनदा तुम्हालाही या भूमितीची झलक मिळते. मार्चच्या पूर्वार्धात आणि ऑक्टोबरच्या सुरुवातीला काही दिवस, ठरावीक वेळी, काही मिनिटं चित्र फुटतं. त्या वेळी सूर्य उपग्रहाच्या बरोबर मागे आलेला असतो आणि त्याच्या रेडिओ लहरींत सिग्नल बुडतो. डिशवाल्याला बोलावू नका, थोडं थांबा.

[दृश्य: अंधारात एक उपग्रह. त्याचा थ्रस्टर, म्हणजे जागा सावरणारं छोटं इंजिन, क्षणभर पेटतो.]

राहिलं इंधन. उपकरणं धडधाकट असतानाही इंधन संपलं की उपग्रहाचं आयुष्य संपतं. इन्सॅट-1ए एप्रिल 1982 मध्ये गेला आणि सप्टेंबरमध्ये इंधन संपून गमावला. भूस्थिर वर्तुळ जगात एकच आहे. तिथे मेलेला उपग्रह सोडून देणं म्हणजे सगळ्यांची वाट अडवणं. म्हणून शेवटच्या थेंबांवर त्याला तीनशे किलोमीटर वर ढकलतात आणि बंद करतात. त्यासाठी सेकंदाला 11 मीटरचा वेगबदल लागतो, म्हणजे तिरकेपणा आवरण्यात तीन महिन्यांत जातं तेवढं इंधन. आता अडचण अशी की वजनरहित अवस्थेत टाकीतलं द्रव तळाशी बसत नाही, त्यामुळे पातळी बघून उरलेलं इंधन मोजता येत नाही. आजवर थ्रस्टर किती वेळ पेटले याची नोंद आणि टाकीतला दाब, यांवरून अंदाज बांधावा लागतो. त्या अंदाजात चूक धरूनच निरोपाचा दिवस ठरवतात, थोडा अलीकडचा.