पाटी लागेपर्यंत

श्रोतेहो, नमस्कार. गुढीपाडव्याला आणि दसऱ्याला मुंबईतल्या मोटारींच्या शोरूममध्ये एक वाक्य हमखास कानावर पडते : "साहेब, मुहूर्त कशाला चुकवता? गाडी आज घेऊन जा, पासिंग दोन दिवसांत होऊन जाईल." मग चाकाखाली लिंबू चिरडले जाते, बॉनेटवर झेंडूचा हार चढतो आणि नंबराच्या जागी काचेला चिकटवलेला एक छापील कागद घेऊन गाडी रस्त्यावर येते. माझ्या धाकट्या मेहुण्याची गाडी अशीच एका पाडव्याला दादरहून बोरिवलीला निघाली, आणि माहीमच्या सिग्नलवर वाहतूक पोलिसाने तिला बाजूला घेतले. मेहुण्याचे म्हणणे असे, की पैसे भरले, विमा उतरवला, पावती खिशात आहे, मग गुन्हा कसला?

हा समज एकट्या त्याचा नाही. पूर्वी 'अप्लाइड फॉर' असे लिहिलेल्या गाड्या महिना-महिना सर्रास फिरत, आणि तीच सवय अजून आपल्या अंगात आहे. कायदा मात्र बराच पुढे गेला आहे. मोटार वाहन अधिनियम, 1988 मध्ये 2019 साली झालेल्या दुरुस्तीनुसार, ज्या राज्यात विक्रेत्याचे दुकान आहे त्याच राज्यात गाडीची नोंदणी होणार असेल, तर नोंदणीचा अर्ज विक्रेत्यानेच करायचा असतो आणि नंबराची पाटी लागल्याशिवाय त्याने गाडी मालकाच्या ताब्यात द्यायची नसते. म्हणजे मुंबईत घेतलेली गाडी ताडदेव, अंधेरी, वडाळा किंवा बोरिवली यांपैकी कोणत्याही आरटीओत नोंदवायची असो, की ठाण्यात किंवा वाशीला, ती शोरूमच्या दारातून बाहेर पडतानाच तिच्यावर कायमचा नंबर असला पाहिजे. 'आज गाडी, परवा नंबर' हा सौदा विक्रेत्याला सोयीचा असतो. रस्त्यावर उत्तर द्यायची वेळ मात्र चालवणाऱ्यावर येते. विनानोंदणी वाहन चालवल्यास कलम 192 खाली पहिल्या गुन्ह्याला 2,000 ते 5,000 रुपये दंड आहे आणि पुढच्या गुन्ह्याला 10,000 रुपयांपर्यंत दंड, एक वर्षापर्यंत कैद किंवा दोन्ही होऊ शकते.

मग तात्पुरती नोंदणी कोणासाठी? गाडी मुंबईत घेतली, पण नोकरी किंवा घर गोव्यात, बेळगावात वा अहमदाबादला आहे आणि कायमची नोंदणी तिथेच करायची आहे, अशा खरेदीदारासाठी ती सोय आहे. तात्पुरत्या नंबराची पाटी पिवळी असते आणि तिच्यावरची अक्षरे लाल असतात. नंबराची सुरुवात 'टी' या रोमन अक्षराने होते. पुढे महिना, वर्ष आणि राज्याची खूण येते. हा नंबर कागदावर छापून चिकटवलेला चालत नाही, त्याचीही पाटीच लागते. लाल पाटीवर पांढरी अक्षरे दिसली, तर ती गाडी व्यापार प्रमाणपत्रावर चाललेली, म्हणजे अजून विक्रेत्याचीच समजावी. गाडी ताब्यात घेतल्यावर ती लाल पाटी उसनी लावून घरी जाता येत नाही, शोरूममधला मुलगा कितीही आर्जवाने म्हणाला तरी.

तात्पुरत्या प्रमाणपत्रावर मुदतीची तारीख छापलेली असते, आणि लोक नेमकी तीच वाचत नाहीत. दंडापेक्षा मोठा फटका तिथे बसतो. सर्वोच्च न्यायालयाने 30 सप्टेंबर 2021 रोजी निकाली काढलेले एक प्रकरण पाहा. राजस्थानातल्या एका गृहस्थांनी जून 2011 मध्ये पंजाबात नवी गाडी घेतली. तिची तात्पुरती नोंदणी 19 जुलैला संपली. पुढच्या नोंदणीवाचूनच ते कामानिमित्त जोधपूरला गेले आणि 28 जुलैच्या रात्री अतिथिगृहाबाहेर उभी केलेली गाडी चोरीला गेली. विम्याचा हप्ता भरलेला होता, पॉलिसी चालू होती. तरीही नोंदणी नसलेले वाहन रस्त्यावर वापरणे हा पॉलिसीच्या मूलभूत अटीचा भंग आहे, असे ठरवून न्यायालयाने त्यांचा दावा फेटाळला. मुदत संपून जेमतेम नऊ दिवस झाले होते, आणि पूर्ण गाडीची भरपाई गेली.

गाडी ताब्यात घेताना एक काम स्वतः करावे. विक्री प्रमाणपत्र, म्हणजे फॉर्म 21, आणि विम्याची पॉलिसी हातात धरून दोन्हींवरचा चॅसिस नंबर गाडीवर कोरलेल्या नंबराशी एकेक अक्षर लावून पाहावा. नंबर मिळेपर्यंत पॉलिसी गाडीला याच आकड्यावरून ओळखते. फास्टॅगचेही तेच : तो आधी चॅसिस नंबरावर निघतो, म्हणून गाडी घेतल्यापासून 90 दिवसांच्या आत कायमचा नंबर बँकेकडे नोंदवावा लागतो. मुंबईच्या पाच वेशींवर ऑक्टोबर 2024 पासून लहान गाड्यांना टोल नाही, त्यामुळे ही राहिलेली नोंद पुण्याला जाताना खालापूरच्या नाक्यावरच उघडी पडते, आणि तीही मागे हॉर्न वाजत असताना. पीयूसीची, म्हणजे प्रदूषण तपासणीच्या दाखल्याची, मात्र पहिले वर्षभर चिंता नको.

पाटी खरी आहे की नाही, हेही हात लावून कळते. ॲल्युमिनियमच्या पत्र्यावर आकडे उठावाचे असतात, डाव्या कोपऱ्यात चक्राचा होलोग्राम असतो, आणि ती स्क्रूने बसवलेली नसून एकदा दाबली की न निघणाऱ्या कुलपाने जखडलेली असते. पुढच्या काचेवर नंबराचे आणखी एक लेबल येते, पेट्रोल आणि सीएनजीला फिकट निळे, डिझेलला नारिंगी.

मेहुण्याची गाडी त्या पाडव्याला दंड भरून उलट पावली शोरूमला गेली. तिसऱ्या दिवशी ती पाटीसकट बोरिवलीला आली, तेव्हा सासूबाईंनी तिला पुन्हा ओवाळले. पहिले ओवाळणे, त्या म्हणाल्या, कागदाला झाले होते.