मायना, मजकूर, मंडळी: पहिल्या ख्रिस्ती पत्रांविषयी

नमस्कार, श्रोतेहो.

बायबलच्या नव्या करारात 27 पुस्तकं आहेत आणि त्यांतली 21 पत्रं आहेत. छापील क्रमात येशूच्या चरित्राची चार शुभवर्तमानं आधी येतात, पण लिहून झाली ती काही पत्रं आधी. येशूचा संदेश गावोगाव नेणारा प्रेषित पौल याचं थेस्सलनीका या ग्रीक शहरातल्या लोकांना लिहिलेलं पहिलं पत्र साधारण इ.स. 50-51 मधलं, चार शुभवर्तमानांत सर्वांत जुनं मानलं जाणारं मार्काचं शुभवर्तमान 70 च्या आसपासचं. आज आपल्या हाती असलेलं ख्रिस्ती लेखन सुरू होतं ते असं, टपालातून.

हे 50-51 साल ठरलं कसं? ग्रीसमधल्या डेल्फी इथे एक शिलालेख सापडला. त्यात रोमन सम्राट क्लौद्य ग्रीसमधल्या अखया प्रांताचा सुभेदार गल्लियो याचं नाव घेतो, आणि त्यावरून गल्लियोचा कारभार 51-52 च्या सुमाराचा ठरतो. करिंथ शहरात पौलाला याच गल्लियोपुढे उभं केलं होतं, असं नव्या करारातल्या ‘प्रेषितांची कृत्ये’ या पुस्तकाच्या 18व्या अध्यायात आहे. पौलाच्या आयुष्यातल्या बाकीच्या तारखा या एका खुंटीवरून मागे-पुढे मोजल्या जातात.

आता या पहिल्या पत्राचं कारण पाहा. पौलाला थेस्सलनीका घाईघाईनं सोडावं लागलं होतं. मागे राहिलेली मंडळी, म्हणजे तिथला ख्रिस्ती समुदाय, नवखी, तिच्यावर शेजाऱ्यापाजाऱ्यांचा रोष. पौलानं आपला सहकारी तीमथ्य याला पाठवलं, तीमथ्य खबर घेऊन परतला. मंडळी टिकून होती, पण एक प्रश्न तिला खात होता. ख्रिस्त परत येण्याची वाट पाहता पाहता आपल्यातली काही माणसं वारली, मग त्यांचं काय होणार? चौथ्या अध्यायाचा शेवट हे त्याचं उत्तर आहे. या पत्रांचं काम असं असे. ज्याला स्वतः जाता येत नाही, तो पत्र पाठवतो आणि समोर आलेल्या अडचणीचं उत्तर देतो.

पत्राचा साचा पौलानं शोधलेला नाही. इजिप्तच्या कोरड्या वाळूत, विशेषतः ऑक्सिऱ्हिंकस गावच्या उकिरड्यांत, त्या काळची साध्या माणसांची हजारो कागदपत्रं सापडली, त्यांत ढीगभर पत्रंही आहेत. मायना ठरलेला: अमक्याकडून तमक्याला, नमस्कार. मग प्रकृतीची विचारपूस, देवाकडे प्रार्थना, कामाचा मजकूर, घरच्यांना नावानिशी सलाम, आणि सुखी राहा. पौल हाच साचा घेतो आणि फुगवतो. नमस्काराच्या जागी ‘कृपा व शांती’ येते, विचारपुशीच्या जागी मंडळीबद्दल देवाचे आभार. त्यामुळे जिथे तो शिरस्ता मोडतो तिथे कान टवकारावेत. गलतीकरांच्या पत्रात आभाराचं एकही वाक्य नाही. मायना संपतो आणि पौल थेट म्हणतो, तुम्ही इतक्या लवकर फिरलात याचं मला आश्चर्य वाटतं. साचा ठाऊक असलेल्या श्रोत्याला तो राग तिथेच कळला असेल.

दुसरा वारसा यहुदी. दूर विखुरलेल्या लोकांना वडीलधाऱ्यांनी पत्र पाठवायचं, ही रीत त्यांच्यात जुनी होती. यिर्मया संदेष्ट्याच्या पुस्तकाच्या 29व्या अध्यायात बाबेलमधल्या बंदिवानांना लिहिलेलं पत्र आहे: घरं बांधा, मळे लावा. सभास्थानात शास्त्र मोठ्यानं वाचायची सवयही तिथलीच. एपिक्युरससारखे ग्रीक तत्त्वज्ञ आपली शिकवण पत्रांतून पाठवत, तीही वहिवाट आसपास होतीच. घरगुती पत्राचा सांगाडा, यहुदी सभेतलं वाचन आणि लांबलचक युक्तिवाद यांचं मिश्रण पौलाच्या हाती तयार झालं. म्हणून लांबी अशी वाढली. सापडलेली बहुतेक खाजगी पत्रं एका पानात मावतात. पौलाचं सर्वांत छोटं, फिलेमोनाला लिहिलेलं पत्र मूळ ग्रीकमध्ये सुमारे 335 शब्दांचं आहे, तर रोमकरांचं पत्र सात हजारांवर जातं. ते मोठ्यानं वाचायला तासभर लागतो.

लिहायचं कसं? पपायरस ही नाईलकाठी वाढणारी लव्हाळ्याच्या जातीची वनस्पती. तिच्या गाभ्याच्या पातळ पट्ट्या आधी एका दिशेनं, मग त्यांवर आडव्या ठेवून दाबायच्या, की पान तयार. पानं एकमेकांना चिकटवून गुंडाळी करत. रोमन लेखक प्लिनी सांगतो की एका गुंडाळीत 20 पेक्षा जास्त पानं नसत. बोरूनं लिहायचं, आणि शाई म्हणजे काजळी, डिंक आणि पाणी. आतल्या आडव्या धाग्यांच्या बाजूवर लिहिणं सोपं, कारण बोरू धाग्यांच्या दिशेनं सरकतो. लिहून झालं की घडी किंवा गुंडाळी करून दोऱ्यानं बांधायचं, त्यावर मातीची मोहर, आणि बाहेर नाव.

पौल बहुधा स्वतः लिहीत नसे, सांगत असे. रोमकरांच्या 16व्या अध्यायात लेखनिक मध्येच बोलतो: हे पत्र लिहून देणारा मी तर्तिय तुम्हांला सलाम सांगतो. शेवटच्या काही ओळी पौल आपल्या हातानं लिहायचा. गलतीकरांना तो म्हणतो, पाहा, मी केवढ्या मोठ्या अक्षरांत माझ्या हातानं लिहितो आहे. ही सही होती. तिची गरजही होती, कारण थेस्सलनीकाकरांच्या दुसऱ्या पत्रात ‘जणू आमच्याकडूनच आलेल्या’ पत्रानं गडबडून जाऊ नका, असा इशारा आहे. गंमत अशी, की हे दुसरं पत्र पौलाचं की त्याच्या नावावर नंतर लिहिलेलं, यावरच अभ्यासकांत वाद आहे. पौलाच्या नावावर 13 पत्रं आहेत. त्यांतल्या सातांबद्दल जवळजवळ एकमत आहे, बाकी सहांबद्दल नाही.

तोंडी सांगून लिहिल्याच्या खुणा मजकुरात राहिल्या आहेत. करिंथकरांच्या पहिल्या पत्रात पौल म्हणतो, क्रिस्प आणि गायस यांच्याखेरीज तुमच्यातल्या कोणाचा मी बाप्तिस्मा केला नाही, बरं झालं. मग आठवतं: हो, स्तेफनाच्या घरच्यांचाही केला. मग पुढे: आणखी कोणाचा केल्याचं आठवत नाही. लिहिलेलं खोडून नीट करायला कोणी थांबलं नाही. मला तरी पौलाचा आवाज साऱ्या नव्या करारात इथे सर्वांत स्पष्ट ऐकू येतो.

पत्र पोचवायला सरकारी टपाल होतं, पण ऑगस्टसनं उभारलेली ती व्यवस्था राज्यकारभारासाठी होती. इतरांनी जाणारा माणूस शोधायचा. त्यातही साधारण नोव्हेंबर ते मार्च समुद्रावरची वाहतूक जवळजवळ बंद. फिलिप्पैच्या मंडळीनं मदत घेऊन पाठवलेला एपफ्रदीत वाटेत किंवा पौलाजवळ मरणाच्या दारापर्यंत आजारी पडला, आणि त्याच्याच हाती पौलानं परतीचं पत्र दिलं. त्या पत्राच्या शेवटी मिळालेल्या मदतीची रीतसर पोच आहे. रोमकरांच्या पत्रातली शिफारस किंख्रियाच्या फीबीसाठी आहे. किंख्रिया हे करिंथचं बंदर. पत्र तिनंच नेलं असं बहुतेक अभ्यासक मानतात.

पत्र नेणाऱ्याचं काम पोचवून संपत नसे. जुन्या हस्तलिखितांत दोन शब्दांत जागा सोडलेली नसते, विरामचिन्हं जवळजवळ नसतात. आधी सराव न करता असं पान सभेत वाचणं कठीण, आणि मंडळीतल्या बहुतेकांना वाचता येत नव्हतं. म्हणून पत्र म्हणजे ऐकायची गोष्ट. थेस्सलनीकाकरांना पौल शपथ घालतो, हे पत्र सर्व बंधूंना वाचून दाखवा. शंका आली तर विचारायला नेणारा माणूस समोर असेच.

शिफारशीलाही कारण होतं. फिरत्या उपदेशकांत भोंदू बरेच. ‘दिदाखे’ नावाच्या फार जुन्या ख्रिस्ती नियमावलीत स्पष्ट लिहिलं आहे की आलेल्या प्रेषितानं एक दिवस राहावं, गरज पडली तर दुसरा. तीन दिवस राहिला तर तो खोटा संदेष्टा. निघताना पैसे मागितले तरी खोटाच. अशा वेळी ओळखीच्या माणसाची चिठ्ठी म्हणजे निवाऱ्याची सोय.

आता करिंथकडे जाऊ, कारण पत्रव्यवहार प्रत्यक्षात कसा चाले हे तिथे सर्वांत चांगलं दिसतं. आपण ज्याला करिंथकरांस पहिलं पत्र म्हणतो, ते खरं पहिलं नाहीच. पाचव्या अध्यायात पौल आधीच्या एका पत्राचा उल्लेख करतो, ते हरवलं. आणि त्याचा अर्थ चुकीचा घेतला गेला होता. जारकर्म्यांची संगत नको, असं त्यानं लिहिलं होतं. लोकांनी ते साऱ्या जगाला लावलं. मग त्याला खुलासा करावा लागला: मी मंडळीतल्या माणसाविषयी बोललो, नाहीतर तुम्हांला जगच सोडावं लागेल.

पौल तेव्हा इफिसात होता. त्याच्याकडे बातमी दोन वाटांनी आली. ख्लोवेच्या घरच्या माणसांनी तोंडी सांगितलं की मंडळीत गट पडलेत. शिवाय मंडळीनं स्वतःच प्रश्नांचं पत्र लिहिलं होतं. सातव्या अध्यायापासून ‘आता अमक्याविषयी’ असं पुनःपुन्हा येतं: लग्नाविषयी, मूर्तीला वाहिलेल्या मांसाविषयी, आत्मिक दानांविषयी (म्हणजे देवानं दिलेल्या देणग्यांविषयी), यरुशलेमच्या गरिबांसाठीच्या वर्गणीविषयी. पौल बहुधा त्यांचं पत्र पुढ्यात ठेवून एकेक मुद्दा घेतो. म्हणजे आपल्याला संभाषणाची एकच बाजू ऐकू येते.

इथे वाचकाची फसगत होते. मूळ हस्तलिखितांत अवतरणचिन्हं नाहीत. ‘मला सर्व गोष्टींची मोकळीक आहे’ हे वाक्य सहाव्या अध्यायात येतं, पण ते बहुधा करिंथकरांचं घोषवाक्य आहे आणि पौल ते उचलून लगेच खोडतो. सातव्या अध्यायातलं ‘पुरुषानं स्त्रीला स्पर्श न करणं बरं’ हेही अनेक अभ्यासक त्यांच्या पत्रातलंच मानतात. हे विधान पौलाच्या तोंडी घातलं की अख्खा अध्याय उलटा फिरतो.

मांसाचं उत्तर किती व्यवहारी आहे पाहा. देवळातल्या बळीचं मांस बाजारात विकायला येई. पौल म्हणतो, बाजारात मिळेल ते चौकशी न करता खा. जेवायला बोलावलं तर वाढलेलं खा. पण कोणी मुद्दाम सांगितलं की हे बळीचं आहे, तर त्या सांगणाऱ्यासाठी खाऊ नका. आणि लग्नसमारंभात आवडीनं वाचला जाणारा 13वा अध्याय, प्रीती सहनशील आहे, परोपकारी आहे, तो लग्नासाठी लिहिलेलाच नाही. त्याच्या आधी आणि नंतर भांडण चालू आहे ते मंडळीत कोणाचं आत्मिक दान मोठं, याचं.

फिलेमोनाचं पत्र वरवर खाजगी. फिलेमोनाचा अनेसिम हा दास पौलाकडे पोचला, पौल त्याला परत पाठवतो आणि ‘दासापेक्षा जास्त, प्रिय बंधू’ म्हणून घे असं सांगतो. नुकसान झालं असेल तर माझ्या नावावर मांड, हे मी माझ्या हातानं लिहितो. पण मायन्यात एकटा फिलेमोन नाही. त्याच्या घरी जमणारी अख्खी मंडळी आहे. चारचौघांत वाचल्या जाणाऱ्या पत्राला नाही म्हणणं किती अवघड! वर शेवटी, माझ्यासाठी राहायची खोली तयार ठेव. म्हणजे मी येऊन बघणार आहे.

पत्रं जमा झाली कशी? एकमेकांकडे फिरून. कलस्सैकरांना सूचना आहे की हे पत्र शेजारच्या लावदिकीयाच्या मंडळीतही वाचून घ्या, त्यांचं तुम्ही वाचा. ते लावदिकीयाचं पत्र आपल्यापर्यंत पोचलं नाही. इ.स. 140 च्या दशकात रोममधल्या मार्सियन या ख्रिस्ती शिक्षकाकडे पौलाच्या दहा पत्रांचा संग्रह होता. 180 मध्ये उत्तर आफ्रिकेत खटला चाललेल्या सिल्लीच्या हुतात्म्यांना सुभेदारानं विचारलं, पेटीत काय आहे? उत्तर आलं: पुस्तकं, आणि पौल नावाच्या नीतिमान माणसाची पत्रं. साधारण 200 सालचं, पी-46 नावानं ओळखलं जाणारं पपायरस हस्तलिखित गुंडाळी नव्हे, शिवलेली वही आहे. तिची 86 पानं उरली आहेत, काही डब्लिनला, काही मिशिगन विद्यापीठात. त्यात इफिसकरांच्या पत्राच्या मायन्यात ‘इफिस’ हे नावच नाही. त्यामुळे ते अनेक मंडळ्यांसाठीचं फिरतं पत्र असावं, असा तर्क निघाला.

पौलानंतरही रीत चालू राहिली. 96 च्या सुमारास रोमच्या मंडळीनं करिंथला पत्र लिहिलं, पुन्हा भांडणाबद्दलच. अंत्युखियाचा बिशप इग्नातियस यानं शिक्षा भोगायला रोमला नेत असताना वाटेत सात पत्रं लिहिली. साधी माणसंही लिहीत होती. स्वित्झर्लंडमधल्या बासेलच्या संग्रहातलं 230 च्या दशकातलं एक पत्र आर्रियानस नावाच्या माणसानं भावाला लिहिलं आहे. त्यात गावातल्या कारभाराच्या बातम्या आहेत, माशाच्या रश्शाची मागणी आहे, आणि शेवटी ‘प्रभूमध्ये’ सुखी राहा. भावाचं नाव पौलस.

मराठीत ही पत्रं आली ती बंगालमधल्या श्रीरामपूरच्या विल्यम केरींच्या 1811 च्या नव्या करारातून. आज वसईच्या चर्चमधल्या रविवारच्या मिस्सेत दुसरं वाचन बहुधा यांतलंच असतं.

वाचायची असतील तर छापील क्रमानं जाऊ नका. तो क्रम काळाचा नाही, मुख्यतः लांबीचा आहे: आधी मंडळ्यांना लिहिलेली, मोठ्यातून लहान, मग व्यक्तींना लिहिलेली. अध्याय 13व्या शतकात आणि वचनांचे आकडे 1551 मध्ये घातले गेले, त्यांना ओलांडून सलग वाचा, शक्यतो मोठ्यानं. फिलेमोन आधी, तीन मिनिटांत होतं. मग थेस्सलनीकाकरांस पहिलं. मग करिंथकरांस पहिलं, हाती पेन्सिल घेऊन, समोरच्यांनी काय विचारलं असेल ते समासात लिहीत. रोमकरांचं शेवटी ठेवा, आणि तेही 15व्या अध्यायापासून सुरू करा. तिथे पौल सांगतो की त्याला यरुशलेमला वर्गणी पोचवून पुढे स्पेनला जायचं आहे आणि त्या प्रवासाला रोमकरांचा हातभार हवा आहे. ही मंडळी त्यानं स्थापलेली नव्हती, म्हणून ओळख करून द्यायला एवढं लांब पत्र. 16व्या अध्यायातली सलामांची यादी कंटाळवाणी म्हणून गाळू नका. प्रिस्क आणि अक्विला यांच्या घरी मंडळी जमते, मरिया पुष्कळ कष्टली, रूफाची आई पौलालाही आईसारखीच. पौल तोवर रोमला कधी गेला नव्हता, तरी तिथली सुमारे पंचवीस माणसं त्याला नावानिशी ठाऊक होती, आणि ती पत्राच्या वाचनाला हजर असणार होती.